ओटाचा कानवला

पूस म्हैना लागला की माझं डोकं तापतं. थंडीचा राग न्हाई माझा. थंडी बिचारी आपल्या येळंला येती, आपल्या येळंला जाती. हरभऱ्याच्या घाट्यावर आंब धरती, उसाच्या पाल्यावर दव बसतं, गुऱ्हाळाचा धूर वर न जाता शिवारावर आडवा पसरतो आन् त्यात काकवीचा वास असतो. त्या वासानं लोकांच्या तोंडाला पाणी सुटतं. माझं दात दातावर बसत्यात.

यंदाबी बसलं. त्यात परवा नात आली. माझ्या सुनंदाची धाकटी लेक, पुण्याला नोकरी करती. पिशवीतनं एक चकचकीत पाकीट काढलं आन् म्हणाली, "आज्जी, हे ओट्स. सकाळी दुधात शिजवून खायचं. लय चांगलं असतं तब्येतीला."

मी पाकीट हातात घेतलं. वर चितारलेली वाटी, वाटीत बदाम, अक्रोड.

"कुणी खायचं?" मी इचारलं.

"माणसांनी. अजून कुणी?"

मी पाकीट फळीवर ठिवलं आन् भाईर जोत्यावर येऊन बसले. तिला वाटलं म्हातारीला आवडलं न्हाई. तिला काय म्हाईत? ओट कुणी खायचं ह्या एका सवालापायी मी तिच्या दुसऱ्या आज्जीच्या अंगणात तीन दिवस ठाण मांडून बसले हुते, आन् ती तवा माझ्या मांडीवर हुती, दोन म्हैन्याची, मांजराच्या पिल्लाएवढी.

लोकं म्हणत्यात, म्हाताऱ्या माणसानं सोडून द्यावं. काय काय सोडायचं? कान सोडून गेलं, गुडघं सोडून गेलं, मालक सोडून गेलं. राग तेवढा ऱ्हायलाय जवळ. त्योबी सोडू व्हय?

आमचं मालक मिलिटरीत हुतं. आमचं गाव कडेगावच्या बाजूला, घरटी एक माणूस मिलिटरीत. सुट्टीवर आली की समदी पारावर बसायची, कुणी बर्फातल्या गोष्टी सांगायचा, कुणी बंदुकीच्या. मालक साह्यबांच्या मेसात सैपाकी. एकदा भोळेपणानं त्येंनी सांगितलं, एका साह्यबाच्या लेकीच्या वाढदिवसाला त्येंनी कसा केक भाजला, वर साखरेची फुलं कशी काढली. पार हसून हसून आडवा झाला. "काय रं गड्या, सरकारनं तुला बंदूक द्यायची सोडून लाटणं दिलं व्हय?" त्या दिवसापास्नं मालक पारावर गेलं न्हाईत. पेन्शनीत आलं, मिशी राखली, शेतात राबलं. पर हाताला सैपाकाची सवय, ती सुटंना. मग काय करायचं, तर दार लावून घ्यायचं, आतनं कडी घालायची आन् करायचं. भाजल्याला वास फटीतनं भाईर यायचा. शेजारीण इचारायची, "काय चाललंय गं?" मी म्हणायची, "माझंच काय तरी." बावीस वर्सं मोठमोठ्या साह्यबांस्नी जेवू घातलेला माणूस, आन् आपल्या घरात चोरासारखा करायचा. मला त्या कडीचा लय राग. मी म्हणायची, "उघडा ते दार, कुणाच्या बापाचं खातोय आपण?" ते म्हणायचं, "तुला कळत न्हाई."

पुढं मला चांगलं कळलं. 

भट्टी आमच्याकडं कुठली. मालक जाड बुडाचं पातेलं घ्यायचं, तळाला नदीची वाळू, वाळूवर एक लोखंडी कडं, कड्यावर थाळी. पातेल्यावर परात झाकायची आन् परातीत इस्तू. खालच्या चुलीत जाळ कमी, वरच्या परातीत निखारं जास्ती. "खालनं ताप दिला की करपतं. वरनं दिला की फुलतं," मालक म्हणायचं. आन् कान लावून बसायचं. डोळ्यानं न्हाई, कानानं. आतनं तुपाचा चर्र आवाज यायचा बंद झाला की झालं. मी शिकले ते ऐकून ऐकून. असं जे भाजायचं, त्येचं मेसात इंग्लिश नाव येगळं हुतं. मी त्येला कानवला म्हणते. वर पारी, खाली पारी, मधी सारण, कानवल्यावाणीच, फकस्त थाळीएवढा.

सारण मात्र आमचं. शेंगदाणं खरपूस भाजायचं, सालं पाखडायची, वरवंट्यानं नुसतं ठेचायचं. कूट करायचं न्हाई, दाताखाली आलं पायजे. अक्रोड हातानं मोडायचा. बदाम आडकित्त्यानं. खारीक कुटून, डिंक तुपात फुलवून, सुंठ, जायफळ, आन् नवा गूळ किसून. बाळंतिणीच्या लाडवाला जे जे लागतं ते समदं. हाताला त्येचा वास दोन दिवस ऱ्हातो. आजबी मी बोटं नाकाशी नेली की मला त्यो वास येतो, खोटं न्हाई सांगत.

पारीला मेसात मैदा. मैदा बाळंतिणीला चालत न्हाई, पोट धरतं. मालक म्हणालं, "साह्यब लोकं सकाळच्याला ओटाची पेज खात्यात. भाईरच्या देशातनं डबं यायचं. लय बळ असतं त्यात." आन् तीच ओट आमच्या हिरीच्या कडंला एक पट्टाभर हिरवीगार हलत हुती, जर्शी गायीसाठी. दुधासाठी चाऱ्याचं बी वाटलं हुतं गावात, तवापास्नं आमी पेरायचो. गाय खायची, आमी बघायचो. कुणाच्या डोस्क्यात आलं न्हाई का ह्येचं दाणंबी माणसाला खाता येत्यात. पेऱ्याला ठिवल्यालं बी मी काढलं, पाण्याचा हात लावला, वाळवलं, खापरात भाजलं आन् उखळात घातलं. ओटाचं टरफल लय चिवट. कांडून कांडून तळहाताला फोड आलं. पाखडताना कूस उडून डोळ्यात गेलं. पीठ झालं ते मळकट, करड्या रंगाचं, बघणाऱ्याला वाटंल शेणकुटाची राख.

त्येच्या रंगावरनंच मला ती अक्कल सुचली. अक्कल कसली, दळभद्रीपणा. पर आधी लाडवाचं सांगते, त्याबिगर ध्यानात यायचं न्हाई.

सुनंदा दिली कवठे महांकाळच्या बाजूला, वस्तीवर. कोरडवाहू मुलूख, जोंधळा आन् वारा. जावय कुपवाडला कारखान्यात, आठवड्यानं यायचा, आईच्या ताटासमोर बसून जेवायचा आन् जायचा. त्येला काय इचारलं की म्हणायचा, "बायकांचं बायकांनी बगावं." घरात सगळा कारभार सासूचा. हौसाबाई नाव. हाडापेरानं मजबूत बाई, तोंडानं वाईट न्हाई, हसून बोलायची. पर हाताची मूठ घट्ट. भाकरीच्या टोपल्यावर बसायची आन् कुणाला किती द्यायचं ती ठरवायची.

पयल्या बाळंतपणाला सुनंदाला, आमच्या सुनीला, मुलगी झाली. मी डब्बाभर लाडू देऊन तिला सासरी घालवली. रीत अशी, की माहेरचा डब्बा सासूच्या हातात द्यायचा. तिनं देवापुढं ठिवायचा, भावकीत वाटायचा, मग उरंल ते बाळंतिणीला. हौसाबाईनं देवापुढं ठिवला, भावकीत वाटला, आपल्या लेकीला बांधून दिला, पावण्याच्या ताटात वाढला. सुनीच्या वाटणीला दोन आलं. ते मला तीन वर्सांनी कळलं, तेबी तिनं सांगितलं न्हाई, तिच्या नणंदेनं गोड म्हणून सांगितलं, "मामी, तुमचं लाडू लय चांगलं हुतं बगा, आमी म्हैनाभर खात हुतो." मी हसले. हसत हसत माझ्या घशात इस्तू उतरला.

दुसऱ्या येळंला दिवाळीनंतर परत मुलगी झाली. सासरचं कुणी बघाय आलं न्हाई. सव्वा म्हैना सरला न् सरला, सांगावा आला, "धाडा, खुरपाय माणूस न्हाई." बाळंतपणाची वल अंगातनं गेली नव्हती अजून तिच्या. मी मालकास्नी म्हणाले, न्हाई धाडायची. ते म्हणालं, "न्हाई धाडली आन् त्येंनी न्हाईच नेली तर?" त्यो सवाल समद्या आईबापाच्या मानंवर बसल्याला असतो. मी गप बसले. त्या गप बसण्याचाबी राग हाय.

पर ह्या येळंला मी ठरवलं हुतं, लाडू द्यायचा न्हाई. जे दिसाय चांगलं ते लेकीच्या तोंडात जात न्हाई. असं दिऊ की कुणी हात लावणार न्हाई. पुतण्या जम्मूतनं सुट्टीवर आल्ता, त्येनं पिशवीभर अक्रोड दिलं हुतं. दुकानातनं बदाम आणलं. समदं आत भरलं, वरनं ओटाची करडी पारी. तीन कानवलं भाजलं, तीन थाळ्यात. वरनं बघितलं तर गाईपुढं टाकायची पेंड वाटावी. फोडलं की आत मेवाच मेवा.

मालक परातीतलं निखारं हलवत म्हणालं, "इहीणबाईला सांग सरळ, ह्यात काय काय हाय, आन् पोरीला खाऊ द्या म्हणावं."

"सांगितलं की गेलं. लाडवाचं काय झालं?"

"मग लपवून दिणार? पोटच्या लेकीला?"

"तुमी लपवून करता, मी लपवून दिते. काय फरक हाय?"

मालक परत निखारं हलवाय लागलं. त्येंस्नी ते लागलं. लागंल हे म्हाईत हुतं, म्हणूनच बोलले.

सुनीला मी पढवलं. "सासूला सांगायचं, ही ओटाची भाकर हाय, जनावराच्या चाऱ्याची. आमच्या आईनं दुधासाठी म्हणून दिलीया, मला एकटीलाच खायाची हाय. आत काय हाय ते बोलायचं न्हाई. माझी शपत हाय तुला." सुनी मान हलवत हुती. तिनं जल्मात मान हलवायचंच काम केलं. पोरगी पदराखाली पीत हुती, घुटुक घुटुक आवाज येत हुता. अंगावर दूध हुतं तवा तिच्या. यष्टी गेली, धुरळा बसला, आन् मी घरला येताना मनात हसत हुते. माझ्यासारखी हुशार बाई ह्या मुलखात न्हाई असं मला वाटत हुतं.

संक्रांतीला वाण घेऊन मी गेले. कवठे महांकाळला उतरून पायी वस्तीवर. छातीएवढा जोंधळा, वाऱ्यानं सळसळ सळसळ. दारात हौसाबाई उभी. लय मनापासनं म्हणाली, "या या, इहीणबाई. तुमचं ओट लय गुणाचं निघालं. आमच्या म्हशीनं शेरभर दूध वाढवलं बगा. अजून असलं तर धाडा की."

मला वाटलं चेष्टा करती. मी हसले. तवर सुनीची थोरली, राणी, चार वर्सांची, माझं बोट धरून वढाय लागली. "आज्जी, चल दावते." गोठ्यात नेलं. म्हशीच्या दावणीत माझ्या तिन्ही थाळ्या. मालकांच्या मिलिटरीतल्या थाळ्या, कडंला नंबर ठोकल्याला. चाटून चाटून आरशासारख्या केल्त्या.

"म्हशीनं तुझी भाकर खाल्ली," राणी म्हणाली. "मला दिलीच न्हाई."

म्हैस रवंथ करत माझ्याकडं बघत हुती. डोळं शांत, अंगावर तकाकी. माझं अक्रोड, माझं बदाम, माझ्या तळहाताचं फोड, समदं त्या कातड्यावर चमकत हुतं. त्या जनावराचा काय गुन्हा? तरी मला आजबी काळी म्हैस पाण्यात बसल्याली दिसली की मी तोंड फिरवते.

सुनी रानातनं आली. मी बघतच ऱ्हायले. गालाची हाडं वर, हात म्हंजी काटक्या. खुरपं ठिवलं, हात धुतलं, पोरगीला घेतलं. पोरगी अंगाला लागली, जरा वढलं, सोडलं, रडली, परत वढलं, परत रडली. रडण्यात आवाज न्हाई, नुसतं तोंड उघडं. सुनीनं फडक्याची वात साखरेच्या पाण्यात बुडवून तिच्या तोंडात दिली. घरात दुभती म्हैस, आन् समदं दूध कॅनीत वतून डेअरीला.

"सुने, खरं सांग. एक तुकडा तरी गेला का तोंडात?"

"पयल्या दिवशी कडंचा मोडला हुता. आत्तींनी बघितलं. म्हणाल्या, जनावराचं खाऊ नगंस गं, तान्हीला जुलाब हुतील. आन् गोठ्यात ठिवाय सांगितलं."

"आन् तू बोलली न्हाईस? आत काय हाय ते?"

"तूच शपत घातल्तीस की, आये."

मला कुणाला तरी थापड मारायची हुती. हात उचलला असता बगा. पर कुणावर, ते कळंना. सासूनं तर पोरीच्या काळजीपोटी काढून घेतलं, तिच्या अकलेपरमाणं बरोबरच केलं. सुनीनं शपत पाळली. म्हैस म्हंजी म्हैस. फिरून फिरून हात माझ्याच तोंडावर येत हुता. मीच म्हणाले हुते जनावराचं हाय. जनावरालाच गेलं.

तिथनं पुढं मी जे केलं ते राग म्हणूनच केलं, शाणपण म्हणून न्हाई. आमच्यात रीत हाय. लेकीला ल्योक होस्तवर आईबापानं तिच्या घरी घास घ्यायचा न्हाई, पाणीबी प्यायचं न्हाई. म्हणून आई सकाळी जाती आन् दुपारी फिरती. ही रीत लेकीच्या आईला भाईर ठिवायला केलीया, हे मला त्या दिवशी समजलं. मी म्हणाले, बरं. रीत तुमची, आता मी पाळून दावते.

"इहीणबाई, मी काय आज जात न्हाई. चार दिस ऱ्हाते."

"ऱ्हावा की. पर आमच्यात जेवणार न्हाई तुमी. मग कसं करायचं?"

"न्हाई जेवणार. अंगणात तीन दगडं मांडते. माझी चूल येगळी, माझं पाणी येगळं."

हौसाबाईला न्हाई म्हणता येईना. इहिणीला न्हाई म्हणलं तर मान जातो, व्हय म्हणलं तर अंगणात चूल पेटती आन् अख्खी वस्ती इचारती. ती म्हणाली, "तुमची मर्जी." मी दगडं शोधून आणली. माझ्या गावाकडं जाणारा एक पावणा हुता, त्येच्याबर मालकास्नी सांगावा दिला: पातेलं, परात, ओटाचं पीठ, उरल्यालं अक्रोड, समदं धाडा.

मला वाटलं पुतण्याबर धाडतील. दुसऱ्या दिवशी ऊन वर आलं आन् मालक सोता आलं, खांद्यावर पोतं, पोत्यात वाळूसकट समदं. नदीची वाळू यष्टीतनं आणली त्या माणसानं. मी म्हणाले, "द्या हिकडं आन् जावा माघारी. लोकं बघत्यात."

"बघू दे," मालक म्हणालं. बाह्या वर केल्या आन् चुलीपुढं बसलं.

मी त्येंस्नी तीस वर्सं बघत हुते. उघड्या आभाळाखाली चुलीपुढं बसल्यालं पयल्यांदा बघितलं. काट्यांच्या कुपाच्या पलीकडं बायका जमल्या, दोन म्हातारं आलं, जोंधळ्यातनं पोरं आली. त्यातला एक म्हातारा तंबाखू मळत म्हणाला, "काय इवाई, सैपाकाला आलाय व्हय?"

"व्हय," मालक म्हणालं, वर न बघता. "बावीस वर्सं साह्यबांस्नी घातलं. आता लेकीला घालतो."

कुणी हसलं न्हाई. म्हातारा कूप वलांडून आत आला आन् परातीतलं निखारं बघत बसला. "वरनं इस्तू? ह्ये कधी बघितलं न्हवतं," म्हणाला. मालक त्येला सांगाय लागलं. खालनं ताप दिला की काय हुतं, वरनं दिला की काय हुतं. इतकं बोलल्यालं मी त्येंस्नी कवा ऐकलं न्हवतं. त्येंचा आवाज ऐकून मला आनंद व्हायला पायजे हुता. मला राग आला. एवढी वर्सं कुणासाठी दार लावलं हुतं? कुणाला भ्यालो आपण?

आता माझ्या घरात गॅस हाय. चावी फिरवली की जाळ. पर परातीत घालायला इस्तू न्हाई, त्यामुळं कानवला हुत न्हाई. नात म्हणती ओव्हन घेऊन दिते. मी म्हणाले नगं. मला तो वास नगं. तो वास आला की मला ते अंगण दिसतं, आन् अंगणात जोत्यावर बसल्याली माझी लेक. चूल पेटली त्या पयल्या दिवशी मी तिला भर दुपारी भाईर बसवली, समद्यांच्या देखत ताट तिच्या पुढं ठिवलं आन् म्हणाले, खा. तिनं पदर नाकापतूर वढला. खाल्ला तिनं, पर चोरी केल्यासारखा, एका अंगाला वळून, घास चावायचा आवाजबी हुऊ न दिता. लेकरू झाल्याली बाई, आपल्या आईच्या हातचं आपल्या घराच्या जोत्यावर खाती, आन् तिला लाज वाटती. लाज कुणाला वाटाय पायजे हुती? मी तिच्या पुढं उकिडवी बसून ऱ्हायले. ती थांबली की म्हणायची, खा. ती म्हणायची, बास. मी म्हणायची, खा.

दुसऱ्या दिवशी तसंच. राणीला तुकडा, कुपापाशी उभ्या पोरांस्नी तुकडा, बाकी सुनीला. जावय त्या दिवशी आला कुपवाडास्नं. सासरा चुलीपुढं, सासू समोर, बायको जोत्यावर जेवती. त्यो गाडी लावून तिथंच उभा. मी म्हणाले, "बायकांचं हाय बापू, तुमी आत जावा." त्यो आत गेला. पर सांच्याला कॅन घेऊन डेअरीला निघाला तवा एक तांब्या दूध काढून उंबऱ्यावर ठिवला, कुणाला काय न बोलता. एवढंच केलं. एवढंबी आधी केलं असतं तर.

तिसऱ्या दिवशी दुपारी पोरगी अंगाला लागली आन् घुटक्या वाजाय लागल्या. घुटुक घुटुक. सुनीनं माझ्याकडं बघितलं. मालक चुलीकडं तोंड करून बसलं हुतं, त्येंनी कान तिकडं दिल्ता. मला रडू आलं न्हाई. रडलं की दुसरं काय ऐकू येत न्हाई, आन् मला त्यो आवाज ऐकायचा हुता.

परातीतलं निखारं झाडून, परात पुसून तिसरा कानवला मी तिच्यात मोडला. वाफ आली, तुपाची, सुंठीची. करडी पारी तुटली आन् आतला मेवा भाईर सांडला. हौसाबाई तीन दिवस उंबऱ्याच्या आत ऱ्हायली हुती. आता ती भाईर आली आन् माझ्याजवळ येऊन बसली. मी एक तुकडा तिच्या हातावर ठिवला. तिनं हुंगला. जिभंवर ठिवला. चावता चावता थांबली. तिचं डोळं बारीक झालं.

"ह्यात अक्रोड हाय," ती म्हणाली.

"हाय."

"बदाम."

"हाय. खारीक, डिंक, सुंठ. मागल्या तिन्हीतबी हुतं."

गोठ्यात म्हशीनं शिंग खांबाला घासलं. हौसाबाई तिकडं बघत ऱ्हायली, मग माझ्याकडं वळली. खरंच वाईट वाटलं हुतं तिला, ते मला दिसत हुतं.

"आमाला तर बाळंतपणात हुलग्याचं माडगं मिळालं, तेबी उरलं तर," ती म्हणाली. मग म्हणाली, "आवं, मग तवाच सांगायचं हुतं की. मी कशाला म्हशीला घातलं असतं?"

"मग कुणाला घातलं असतं?" मी इचारलं.

कुपापलीकडच्या बायका, चुलीपुढचं मालक, त्यो तंबाखूवाला म्हातारा, समदी हौसाबाईच्या तोंडाकडं बघत हुती. तिनं हातातला उरल्याला तुकडा बघितला, मग परातीकडं बघितलं, आन् बघतच ऱ्हायली.

सुनी जोत्यावरनं उठली. पोरगी खांद्यावर, पदर खाली पडल्याला, तो तिनं सावरला न्हाई. परातीपाशी आली, वाकली, मला न इचारता, सासूला न इचारता, सगळ्यात थोर तुकडा उचलला आन् तिथंच उभ्यानं खाऊ लागली.